इंटरकाँटिनेंटल चषक फुटबॉल स्पर्धा
इंटरकाँटिनेंटल चषक : अखिल भारतीय फुटबॉल महासंघाने २०१८ मध्ये सुरू केलेली राष्ट्रीय संघांची निमंत्रित फुटबॉल स्पर्धा. पहिली स्पर्धा १ ते १० जून २०१८ या काळात मुंबई उपनगरातील अंधेरी येथे झाली. आशियातून भारत व चिनी तैपेई, आफ्रिकेतून केन्या आणि ओशिअ‍ॅनियातून न्यूझीलंड असे तीन खंडप्रदेशांतील चार संघ तीत उतरल्याने नावातील ‘आंतरखंडीय’ हा अर्थ सार्थ ठरला. यूरोप व दक्षिण अमेरिका यांतील विजेत्या क्लबांमध्ये १९६० पासून २००४ पर्यंत खेळल्या गेलेल्या याच नावाच्या स्पर्धेशी हिचा संबंध नाही.

निमंत्रित स्पर्धेत पात्रता फेरी नसते. यजमान संघटना संघ निवडते, त्यांना बोलाविते आणि सामन्यांची आखणी करते. या सामन्यांची गणना मैत्रीपूर्ण सामन्यांत होते. तथापि ते दोन देशांच्या ज्येष्ठ संघांतील असल्यामुळे जागतिक क्रमवारीत धरले जातात. आशियात या प्रकाराची परंपरा जुनी आहे. मलायाच्या स्वातंत्र्याच्या निमित्ताने १९५७ मध्ये क्वालालुंपुर येथे मर्डेका स्पर्धा सुरू झाली. तीत भारत १९५९ व १९६४ मध्ये उपविजेता ठरला. भारतात नेहरू चषक स्पर्धा १९८२ मध्ये कलकत्त्यात सुरू झाली व पहिला चषक यूरग्वायने जिंकला. पुढे कोचीन, त्रिवेंद्रम, कालिकत, सिलिगुडी, मडगाव इ. ठिकाणी ती भरली. मुंबईला मात्र यजमानपद मिळाले नाही. २००७, २००९ व २०१२ मध्ये दिल्लीत भारताने ती लागोपाठ जिंकली आणि त्यानंतर ती बंद पडली.

मुंबईत फुटबॉलचे जुने केंद्र म्हणजे दक्षिण मुंबईतील कूपरेज मैदान. १८९१ मध्ये सुरू झालेल्या रोव्हर्स चषकाचे सामने दीर्घकाळ तेथे होत. ती स्पर्धा २०००-०१ नंतर खंडित झाली. राष्ट्रीय संघाचे सामने तर मुंबईत त्याच्याही कितीतरी आधीपासून थांबलेले होते. सप्टेंबर २०१६ मध्ये भारत व प्वेर्त रीको यांच्यातील सामना अंधेरीत झाला, तेव्हा सुमारे सहा दशकांनी असा सामना या शहरात आला. भारताने तो ४–१ असा जिंकला. अंधेरी पश्चिमेला वीरा देसाई मार्गानजीक असलेल्या बृहन्मुंबई महानगरपालिकेच्या शहाजी राजे भोसले क्रीडासंकुलातील हे मैदान ‘मुंबई फुटबॉल अरीना’ या नावाने ओळखले जाते. २०१६ पासून मुंबई सिटी या क्लबचे घरचे सामने येथे होऊ लागले. ऑगस्ट २०१७ मध्ये भारत, मॉरिशस व सेंट किट्स–नेव्हिस यांची तिरंगी मालिका येथेच होऊन भारत विजयी झाला.

जानेवारी २०१९ मध्ये संयुक्त अरब अमीर राज्यांत होणाऱ्या आशियाई चषकाची पूर्वतयारी, हा २०१८ च्या स्पर्धेचा मुख्य हेतू होता. रशियातील विश्वचषक १४ जूनला सुरू होणार होता. त्यासाठी पात्र न ठरलेले देश या दिवसांत उपलब्ध होते. अशा स्पर्धेची मर्यादाही यातून दिसते : निमंत्रित संघ आपला सर्वांत बलवान चमू पाठवीलच, असे नसते. न्यूझीलंडच्या चमूत नवोदितांचा भरणा होता.

सलामीच्या सामन्यात भारताने चिनी तैपेईवर ५–० असा विजय मिळविला. त्यांतील तीन गोल कर्णधार सुनील छेत्री याचे होते. प्रेक्षागार मात्र बहुतांशी रिकामे राहिले. दुसऱ्या दिवशी छेत्रीने समाजमाध्यमावर एक चित्रफीत प्रसृत करून लोकांना मैदानावर येण्याची विनंती केली. टीका करावयाची असली तरी ती प्रत्यक्ष येऊन करावी, असा तिचा आशय होता. विराट कोहली व सचिन तेंडुलकर या क्रिकेटपटूंनी तिला दुजोरा दिला. ४ जूनचा केन्याविरुद्धचा सामना छेत्रीचा शंभरावा आंतरराष्ट्रीय सामना होता. मुसळधार पावसातही त्या दिवशी प्रेक्षागार भरले आणि भारताने ३–० असा विजय मिळविला.

७ जूनला न्यूझीलंडने भारताला २–१ असे हरविले. साखळी फेरीअखेर भारत, केन्या व न्यूझीलंड यांचे प्रत्येकी ६ गुण झाले व निर्णय गोलफरकावर आला. भारताचा फरक ७, केन्याचा २ व न्यूझीलंडचा १ होता. केन्याने अखेरच्या सामन्यात चिनी तैपेईवर ४–० असा मोठा विजय मिळविला होता; न्यूझीलंडने त्याच संघाला केवळ एका गोलाने हरविले होते. त्यामुळे केन्याविरुद्धचा पराभव न्यूझीलंडला भोवला आणि भारताला हरवूनही तो संघ अंतिम सामन्याबाहेर राहिला. १० जूनच्या अंतिम सामन्यात भारताने केन्याला २–० असे नमविले. दोन्ही गोल छेत्रीचे होते व त्यामुळे त्याची आंतरराष्ट्रीय गोलसंख्या ६४ झाली. ती त्या वेळी आर्जेंटिनाच्या मेस्सीइतकी होती.

या यशाचे मूल्यमापन करताना एक आकडा महत्त्वाचा ठरतो. स्पर्धेत भारताने केलेल्या ११ गोलांपैकी ८ एकट्या छेत्रीचे होते. चषक मिळाला, तरी दुसरा भरवशाचा गोल करणारा कोण, हा प्रश्न कायम राहिला. आशियाई चषकात भारताने थायलंडवर ४–१ असा विजय मिळविला. परंतु यजमान संघ व बहरीन यांच्याकडून पराभूत होऊन तो पहिल्याच फेरीत बाद झाला. दोन्ही पराभवांत भारताला एकही गोल करता आला नाही.

यानंतर ही स्पर्धा अंधेरीत भरली नाही. २०१९ मध्ये अहमदाबाद येथे उत्तर कोरियाने ती जिंकली व भारत चार संघांत शेवटचा आला. २०२३ मध्ये भुवनेश्वर येथे भारताने अंतिम सामन्यात लेबाननला २–० असे हरविले. २०२४ मध्ये हैदराबादच्या तिरंगी स्पर्धेत सिरिया विजेता ठरला. दर वेळी शहर बदलल्यामुळे देशाच्या निरनिराळ्या भागांतील प्रेक्षकांना राष्ट्रीय संघ पाहावयास मिळाला, हे खरे. परंतु मर्डेका स्पर्धेला क्वालालुंपुरमध्ये लाभले तसे कायमचे घर व निश्चित प्रेक्षकवर्ग या स्पर्धेला लाभला नाही. केवळ आवाहनाने एखाददुसरा सामना भरतो. प्रेक्षकांची सवय मात्र सामने नियमितपणे होत राहिल्यानेच जडते, हे अंधेरीच्या अनुभवावरून स्पष्ट होते.