‘मी आहे की सोबत!’

सोलापुरात मे महिन्यातल्या दुपारी मुलांना घेऊन जायचं तरी कुठं? किल्ल्याची बाग आणि सिद्धेश्वर तलावाचा काठ ही संध्याकाळची ठिकाणं. पारा चाळिशीच्या वर गेलेला असताना ट्रॅम्पोलिन, फोमचा खड्डा, चढायची भिंत, दोरांवरची चाल आणि सॉफ्ट प्ले असलेला एसी हॉल घरोघरच्या सुट्टीच्या बेतात शिरला, हे बरंच झालं. मुलांनी घाम गाळावा, धडपडावं, उंचीची भीती घालवावी. तेव्हा ‘जाऊ नका’ असं मी कुणालाही सांगणार नाही.

पण एक वाक्य ऐकून ऐकून कान किटले आहेत. तीन-चार वर्षांच्या मुलीला घेऊन वडील ट्रॅम्पोलिनवर चढतात. तिथला पोरगा शिट्टी वाजवून सांगतो, ‘सर, एका मॅटवर एकच.’ उत्तर ठरलेलं असतं: ‘मी आहे की सोबत, काय होतंय?’ आई बाहेरून व्हिडिओ काढत असते. आजीही दुजोरा देते, ‘धरलंय की तिला!’ पोरगा गप्प बसतो, कारण गिऱ्हाईक चिडलं तर बोलणी त्यालाच बसणार.

गैरसमज: मोठं माणूस सोबत उड्या मारत असलं की मूल सुरक्षित

वस्तुस्थिती: मुलासोबत त्याच मॅटवर उड्या मारणारा मोठा माणूस हाच तिथला सगळ्यात मोठा धोका आहे.

हे कसं, ते नीट पाहू. वडिलांचं वजन ७५ किलो, मुलीचं १५ किलो धरा. वडील खाली आले की मॅट खोल जाते, कडेच्या स्प्रिंगा ताणल्या जातात आणि उडीची ताकद त्यांच्यात साठते. दोघांच्या वजनात पाचपटीचा फरक, त्यामुळे उड्यांचा ताल जुळणं जवळजवळ अशक्य. ताल चुकला की दोनपैकी एक गोष्ट घडते. मुलीचे पाय मॅटवर टेकलेले असताना वडिलांनी ताणलेली मॅट उसळून वर आली, तर ती मुलीला वर फेकते. स्वतःच्या पायांच्या जोरावर ती कधीच गेली नसती, इतक्या उंच आणि भलत्याच दिशेला. किंवा मुलगी वरून खाली येत असते आणि त्याच क्षणी मॅट खालून वर येत असते. दोन्ही समोरासमोर आदळतात. त्या क्षणापुरती ती मॅट मऊ राहत नाही. धक्का पावलातून नडगीच्या हाडात चढतो आणि गुडघ्याच्या जरा खाली, कोवळ्या हाडात, तडा जातो.

यात मुलगी पडलेली नसते, कुणावर आदळलेली नसते. वडिलांनी तिचे हात धरलेलेच असतात. व्हिडिओ पुन्हा पाहिला तरी नेमकं कधी काय झालं, ते कळत नाही. फक्त ती एकदम रडायला लागते आणि पाय टेकवायला नकार देते. लहान मुलांमध्ये हा प्रकार इतका आढळतो की वैद्यकीय लिखाणात त्याला ‘ट्रॅम्पोलिन फ्रॅक्चर’ म्हणतात.

हे माझं मत नाही. अमेरिकन अकॅडमी ऑफ पेडियाट्रिक्स या बालरोगतज्ज्ञांच्या संघटनेनं २०१२ साली ट्रॅम्पोलिनवरच्या दुखापतींचा तोवरचा अभ्यास एकत्र करून निवेदन काढलं. त्यानुसार सुमारे तीन चतुर्थांश दुखापती एका मॅटवर एकाहून जास्त जण असताना होतात, आणि त्यातल्या सगळ्यात लहान मुलाला दुखापत होण्याची शक्यता मोठ्या भिडूच्या तुलनेत १४ पटींपर्यंत असते. पाच वर्षांपर्यंतच्या मुलांच्या दुखापतींपैकी ४८ टक्के दुखापतींमध्ये हाड मोडलेलं किंवा सांधा निखळलेला होता. सहा वर्षांवरच्या मुलांमध्ये हेच प्रमाण २९ टक्के होतं. सहा वर्षांखालच्या मुलांना विशेष धोका असतो, असं संघटना सांगते ते यामुळेच.

कुणी म्हणेल, हे आकडे घरच्या अंगणातल्या ट्रॅम्पोलिनचे आहेत. बहुतांशी आहेत, मान्य. मग खास पार्कांचा अभ्यास पाहा. ‘पेडियाट्रिक्स’ या नियतकालिकात २०१६ साली तो प्रसिद्ध झाला. ट्रॅम्पोलिन पार्कमधल्या दुखापतींमुळे अमेरिकेतल्या रुग्णालयांच्या तातडीच्या विभागात आलेल्यांची अंदाजित संख्या २०१० साली ५८१ होती, ती २०१४ साली ६,९३२ झाली. त्या काळात पार्कांची संख्याही झपाट्यानं वाढली, हे लक्षात घ्यायलाच हवं. पण त्याच अभ्यासात असंही दिसलं की पार्कमध्ये पायाच्या दुखापतींचं आणि रुग्णालयात दाखल करावं लागण्याचं प्रमाण घरच्या ट्रॅम्पोलिनपेक्षा जास्त होतं. शास्त्र तेच, स्प्रिंगा त्याच, भोवतीची गर्दी मात्र जास्त.

‘आमचं लक्ष आहे’ हेही पुरत नाही. त्याच २०१२ च्या निवेदनात नोंद आहे की एक तृतीयांश ते निम्म्या दुखापती मोठ्या माणसाच्या देखरेखीत असताना झाल्या होत्या. लक्ष हवंच, पण नुसतं पाहत राहणं म्हणजे लक्ष नव्हे. दुसरं मूल त्या मॅटवर चढायला लागलं की त्याला थांबवणं म्हणजे लक्ष. आणि ते मॅटच्या बाहेर उभं राहूनच जमतं.

‘आम्ही लहानपणी गादीवर कमी उड्या मारल्या का?’ हा पुढचा सवाल. मारल्या. पण कापसाची गादी उडी शोषून घेते, ट्रॅम्पोलिन ती परत फेकतं. दोन्हींची तुलनाच होऊ शकत नाही.

‘हात घट्ट धरलाय’ म्हणणाऱ्यांसाठीही एक गोष्ट. पाच वर्षांखालच्या मुलाला हाताला धरून वर खेचलं की कोपराचा सांधा सरकू शकतो. बालरोगतज्ज्ञांकडे ही तक्रार नेहमीची आहे. उडीच्या भरात हिसका किती बसतो, हे धरणाऱ्याच्या ध्यानातही येत नाही.

मांडीवर घेऊन घसरगुंडीवरून येणं हे याच घोटाळ्याचं दुसरं रूप. मूल एकटं घसरताना त्याचा पाय कडेला अडकला तर ते थांबतं, रडतं, पाय सोडवतं. मोठ्या माणसाच्या मांडीवर असताना पाय अडकला, तर मागचं साठ-सत्तर किलो वजन थांबत नाही. पाय तिथंच आणि अंग पुढं, अशा पिळ्यात नडगीचं हाड मोडतं. मूल एकट्यानं घसरण्याएवढं मोठं नसेल, तर ती घसरगुंडी त्याच्यासाठी नाही. एवढं साधं आहे हे!

मग करायचं काय? सहा वर्षांखालच्या मुलांना ट्रॅम्पोलिनवर नेऊच नका, त्यांच्यासाठी सॉफ्ट प्ले आहे. मोठ्या मुलांनी एका मॅटवर एकानंच उडी मारायची. कोलांटउडी नको, कारण मानेवर पडल्यावर होणारी इजा जन्मभराची असू शकते. तुम्हाला स्वतःला उड्या मारायच्या असतील तर जरूर मारा, वेगळ्या मॅटवर. शक्य असेल तर रविवारची संध्याकाळ टाळून कामाच्या दिवशी जा.

आणि मूल पाय टेकवत नसेल, लंगडत असेल, तर ‘मुरगळलं असेल’ म्हणून तेल लावून चोळू नका, मालीशवाल्याकडे तर मुळीच नेऊ नका. हाडांच्या डॉक्टरांना दाखवा. लहान मुलांच्या हाडातला बारीक तडा पहिल्या एक्स-रेमध्ये कधीकधी दिसत नाही. म्हणून एक्स-रे स्वच्छ आला तरी लंगडणं थांबलं नाही, तर पुन्हा जा.

गैरसमज: आग कारखान्यात लागते, खेळायच्या ठिकाणी काय जळणार?

वस्तुस्थिती: सगळंच जळतं.

गड्ड्याच्या यात्रेत होम मैदानावर आकाशपाळण्यात बसताना आपण पुढची दांडी दोनदा हलवून बघतो. एसी हॉलमध्ये शिरल्यावर मात्र बाहेर पडायचा दुसरा दरवाजा कुठं आहे, एवढंही बघत नाही.

राजकोटच्या टीआरपी गेम झोनला २५ मे २०२४ रोजी आग लागली आणि २७ जणांचा जीव गेला. त्यात मुलंही होती. दिवस शनिवारचा, उन्हाळ्याची सुट्टी, तिकीट ९९ रुपयांवर आणलेलं, म्हणून गर्दी. आत वेल्डिंगचं काम सुरू होतं, गो-कार्टसाठी इंधन साठवलेलं होतं आणि अग्निशमन विभागाचं ना-हरकत प्रमाणपत्र नव्हतं. गुजरात उच्च न्यायालयानं दुसऱ्याच दिवशी स्वतःहून दखल घेतली आणि ही प्रथमदर्शनी मानवनिर्मित आपत्ती असल्याचं म्हटलं.

आग कशी पसरते, हे सोलापूरला शिकवायला नको. मे २०२५ मध्ये अक्कलकोट रस्त्यावरच्या एमआयडीसीत टॉवेल कारखान्याला आग लागली आणि आठ जण गेले. सुती टॉवेलाचा ढीग पेटला तर काय होतं, हे या शहरानं डोळ्यांनी पाहिलं आहे. फोमचे ठोकळे, रेक्झिन, प्लास्टिकचे चेंडू हे त्याहून वाईट. पॉलियुरेथेनचा फोम झपाट्यानं पेटतो आणि त्याच्या धुरात कार्बन मोनॉक्साइडसोबत हायड्रोजन सायनाइडही असतो. ज्वाळा पोचण्याआधी धूर माणसाला खाली पाडतो.

म्हणून तिकीट काढल्यावर आधी दुसऱ्या दरवाजापर्यंत चालत जा. त्याला कुलूप आहे का, त्याच्यापुढं वाढदिवसाच्या खुर्च्या किंवा खोकी रचली आहेत का, ते पाहा. दार उघडून दाखवायला सांगा. कुलूप असेल तर पैसे परत मागा आणि बाहेर या. मुलं रडतील, रडू द्या.

गैरसमज: फॉर्मवर सही केली, आता काही झालं तरी तक्रार करता येणार नाही

वस्तुस्थिती: ‘दुखापत झाल्यास व्यवस्थापन जबाबदार नाही’ एवढ्या ओळीनं निष्काळजीपणा माफ होत नाही. तुटलेली स्प्रिंग, उघडी राहिलेली कड, मॅटजवळ नसलेला कर्मचारी ही सेवेतली त्रुटी आहे. ग्राहक संरक्षण कायदा, २०१९ नुसार जिल्हा ग्राहक आयोगाकडे दाद मागता येते, आणि ग्राहकावर लादलेल्या अन्यायकारक कराराचा विचारही या कायद्यात आहे. त्या जागेचे फोटो, तिकीट आणि डॉक्टरांचे कागद जपून ठेवा. मात्र तुम्ही नियम मोडून दोघं एका मॅटवर चढला असाल, तर तेही समोर येणारच.

थोडक्यात आणखी काही

*‘ट्रॅम्पोलिननं उंची वाढते.’* वाढत नाही. उंची आनुवंशिकता आणि पोषण ठरवतात. उलट हाडाच्या वाढीच्या टोकाला मार बसला तर त्या हाडाची वाढ खुंटू शकते.

*‘जाळी लावलीय, मग काय!’* जाळी बाहेर पडणं अडवेल, आतल्या आत होणारी टक्कर नाही.

*‘मोजे विकणं म्हणजे पैसे काढायचा धंदा.’* तळव्याला रबराचे ठिपके असलेले मोजे मॅटवर पाय घसरू देत नाहीत. घरचे सुती मोजे घालून उड्या मारणं अनवाणी राहण्यापेक्षा वाईट.

*‘चेंडूंच्या हौदात बाळाला सोडलं की निवांत.’* अमेरिकेतल्या उपचार केंद्रांमधले असे हौद तपासून २०१९ साली छापलेल्या अभ्यासात जिवाणूंच्या ३१ प्रजाती सापडल्या. घाबरू नका, पण चेंडू किती दिवसांनी धुतात ते विचारा आणि बाहेर आल्यावर हात साबणानं धुवा.

*‘एसी आहे, पाणी लागत नाही.’* घाम एसीतही जातो. दर वीस-पंचवीस मिनिटांनी पाणी पाजा.

*‘ओढणी, साखळी, मोकळे केस असू देत.’* दोरांच्या खेळात आणि गो-कार्टमध्ये अजिबात नको. गुंतलेली ओढणी गळ्याला फास बसवते.

*‘महिन्यातून एकदा आणलं की व्यायाम झाला.’* जागतिक आरोग्य संघटना ५ ते १७ वर्षांच्या मुलांसाठी रोज सरासरी ६० मिनिटांची दमवणारी हालचाल सुचवते. रोज. गल्लीतला लगोरीचा डाव त्यात धरता येतो, महिन्याचं एक तिकीट नाही.

विचारायचे दोन प्रश्न

पहिला प्रश्न कागदाचा. महाराष्ट्र आग प्रतिबंधक व जीवसंरक्षक उपाययोजना अधिनियम, २००६ नुसार आग विझवायची यंत्रणा चालू स्थितीत असल्याचं परवानाधारक संस्थेचं प्रमाणपत्र, म्हणजे फॉर्म बी, दरवर्षी जानेवारी आणि जुलैमध्ये अग्निशमन विभागाकडे द्यावं लागतं. तिकीट खिडकीवर ते मागा. ज्याच्याकडे आहे, तो ते दाखवायला लाजणार नाही. महापालिकेनं तर ते प्रत्येक खेळघराच्या दारावर लावायची सक्तीच करावी. हॉटेलचं दरपत्रक दारावर लागतं, तर जिवाचं प्रमाणपत्र का लागू नये?

दुसरा प्रश्न त्या शिट्टीवाल्या पोराला: एका मॅटवर किती जण चालतात? तो ‘एकच’ म्हणाला, तर ते ठिकाण निदान नियम जाणतं. मग त्याची शिट्टी वाजली की मुकाट्यानं मॅटवरून उतरा, आणि दुसरं कुणी त्याच्याशी हुज्जत घालत असेल तर त्याची बाजू घ्या. आज तो तिथं एकटा पडतो. आई-वडील त्याच्या मागं उभे राहिले, तर त्याचा आवाज चढेल आणि मालकालाही त्याला गप्प करता येणार नाही.