व्यवसायाच्या रकान्यातली आडवी रेघ

शाळेत प्रवेशाचे फॉर्म तपासायचं काम दर जूनला माझ्याकडे येतं. वडिलांच्या व्यवसायाच्या रकान्यात दुकानदार, कारकून, ड्रायव्हर असं काही ना काही असतं. आईच्या रकान्यात कित्येकदा नुसती आडवी रेघ! शाळेच्या फॉर्मवर ती खपून जाते. पण रस्त्यात अपघात होऊन नुकसानभरपाई मागायची वेळ आली, की तीच रेघ महागात पडते.

आमच्या शेजारच्या वहिनींना मोटारसायकलची धडक बसली. उजवं मनगट मोडलं. हाड जुळलं, पण मूठ काही पूर्वीसारखी आवळत नाही. कणीक तिंबणं, धुणं पिळणं, भरली बादली उचलणं, सगळंच अडलं. मोटारसायकलवाल्या मुलाचे वडील दहा हजार रुपये घेऊन आले, "मिटवून टाकू" म्हणाले. घरच्यांनाही ते पटत होतं. वहिनींचा पगार थोडाच बुडाला होता? पण स्वयंपाकाला बाई लावावी लागली, तिचा पगार कोण देणार, हे कुणी विचारलं नाही. शिवाय त्या मुलाची दया येण्याचंही कारण नव्हतं. गाडीचा विमा चालू असला, की भरपाई विमा कंपनी देते.

गृहिणीच्या कामाची किंमत करायला कायद्यालाही वेळच लागला. 1994 साली मोटार वाहन कायद्याला जोडलेल्या परिशिष्टात न कमावणाऱ्या जोडीदाराचं उत्पन्न कमावत्याच्या एक तृतीयांश धरलं होतं. म्हणजे साहेबांची बायको महाग, शिपायाची स्वस्त. पोळ्या मात्र दोघी सारख्याच लाटणार! 2010 साली सर्वोच्च न्यायालयानं या दृष्टीवर कडक टीका केली. 2001 च्या जनगणनेत गृहिणींना भिकारी आणि कैद्यांच्या पंगतीत बसवल्याचंही त्याच निकालात आहे. पुढे 2024 मध्ये उत्तराखंडातल्या एका अपघाताच्या दाव्यात न्यायालयानं म्हटलं, की गृहिणीचं उत्पन्न रोजंदारी मजुराच्या किमान वेतनाहून कमी धरताच येणार नाही. त्या घराला अडीच लाखांऐवजी सहा लाख मिळाले.

हे दावे मृत्यूचे होते, पण जायबंदी होऊन जगणाऱ्या बाईच्या कामालाही मोल आहेच. तिथं 2010 चाच आणखी एक निकाल कामी येतो. डॉक्टरांनी लिहिलेलं अपंगत्वाचं प्रमाण आणि कामाचं नुकसान एकच नव्हे, असं तो सांगतो. डावा हात गेला तर सुताराचा धंदाच बसतो, सरकारी कारकुनाची नोकरी टिकू शकते. मग उजवी मूठ न वळणाऱ्या गृहिणीचं काय, हे वकिलांकरवी ठासून मांडायला हवं.

हिशेब कसा होतो बघा. समजा, महिना 12,000 रुपये उत्पन्न धरलं आणि काम 20 टक्के कमी झालं असं ठरलं. वर्षाचं नुकसान 28,800. वय 38 असेल तर त्याला 15 नं गुणतात. झाले 4,32,000! औषधपाणी, वेदना, मदतीच्या बाईचा खर्च हे निराळंच.

पण बोलण्यावर काही मिळत नाही. पोलिसांतल्या फिर्यादीची आणि पंचनाम्याची नक्कल, दवाखान्याचं डिस्चार्ज कार्ड, एक्स-रे, औषधांची बिलं, रिक्षाचे पैसे लिहिलेली वही, सगळं एका पिशवीत ठेवावं. कामवाल्या बाईंना पगार देताना सही घ्यावी. (आमच्या वहिनींना हे फार संकोचाचं वाटलं, बाईंनी मात्र हसत सही केली.) कायमचं अपंगत्व उरलं तर सरकारी रुग्णालयाचा दाखला घ्यावा आणि अर्जात व्यवसाय 'गृहिणी' असा लिहून घरात काय काय करत होतो, तेही मांडावं.

अर्ज मोटार अपघात दावा न्यायाधिकरणाकडे करायचा. अपघात परगावी झाला तरी आपण राहतो तिथं तो करता येतो. 1 एप्रिल 2022 पासून अपघातानंतर सहा महिन्यांची मुदत घातलेली आहे. तिच्याविरुद्धचा वाद सर्वोच्च न्यायालयात गेला आहे खरा, पण त्या भरवशावर बसू नये. प्लॅस्टर निघालं की पहिल्या आठवड्यातच वकील गाठावा.