कानवडे, रोहन परशुराम

समकालीन मराठी चित्रपटदिग्दर्शक व पटकथाकार. समलिंगी व्यक्तीचा अनुभव ग्रामीण कुटुंबजीवनाच्या चौकटीत ठेवून पाहणे, हे त्यांच्या चित्रपटांचे वैशिष्ट्य होय. त्यांचे बालपण मुंबईतील झोपडपट्टीत गेले. वडील मोटारचालक होते. अंतर्गत सजावटीचे शिक्षण घेतल्यानंतर ते चित्रपटाकडे वळले आणि ही कला त्यांनी स्वप्रयत्नाने आत्मसात केली.

भारतीय प्रायोगिक चित्रपटात हा विषय आरंभी महानगराच्या संदर्भात आला. रियाद वाडिया (१९६७–२००३) यांचा आर. राज राव यांच्या इंग्रजी कवितांवर आधारलेला बॉमगे (१९९६) हा लघुपट त्याचे ठळक उदाहरण आहे. त्या काळी भारतीय दंड संहितेच्या ३७७ व्या कलमानुसार समलिंगी संबंध हा गुन्हा होता. सर्वोच्च न्यायालयाने ६ सप्टेंबर २०१८ रोजी प्रौढांचे परस्परसंमतीचे संबंध या कलमातून वगळले. तथापि कायद्याने मुक्त केलेल्या व्यक्तीला घरात व भावकीत स्थान मिळतेच असे नाही. कानवडे यांचे लक्ष या दुसऱ्या प्रश्नावर केंद्रित झालेले दिसते.

यू फॉर उषा (२०१९) या लघुपटाची नायिका शेतमजुरी करून मुले वाढविणारी, निरक्षर, एकटी स्त्री आहे. एका शिक्षिकेविषयी तिला वाटणारी ओढ व अक्षरओळखीची इच्छा त्यात एकमेकींत मिसळून जातात.

साबर बोंडं हा त्यांचा पहिला पूर्ण लांबीचा कथापट. वडिलांच्या निधनानंतर गावी पाळलेल्या सुतकाचा त्यांचा स्वतःचा अनुभव त्याच्या मुळाशी आहे. मुंबईत नोकरी करणारा आनंद वडिलांच्या दहा दिवसांच्या सुतकासाठी गावी येतो. अनवाणी वावरणे, खाण्यापिण्याचे निर्बंध आणि लग्नासाठी नातेवाइकांचा आग्रह, या साऱ्यांत बाळ्या या बालमित्राशी त्याची जवळीक पुन्हा जुळते. बाळ्यावरही लग्नाचे दडपण आहे. आनंदच्या आईला मुलाचे वेगळेपण ठाऊक असून तिने ते स्वीकारलेले आहे. त्यामुळे घर हे येथे केवळ विरोधाचे ठिकाण राहत नाही. शोक करण्याचा हक्क ज्या नात्यांनी मिळतो, तीच नाती प्रेमाला मात्र नाव देऊ देत नाहीत, हा या कथेतील पेच होय. शीर्षकातील निवडुंगाचे फळ बाहेरून काटेरी व आतून गोड असते.

पार्श्वसंगीताचा अभाव, बहुतांशी स्थिर व दीर्घ दृश्ये आणि नित्याची बोली यांमुळे चित्रपटाला संयत स्वरूप आले आहे. भूषण मनोज, सूरज सुमन व जयश्री जगताप यांच्या त्यात प्रमुख भूमिका आहेत. अमेरिकेतील सनडान्स महोत्सवात दाखविला गेलेला हा पहिला मराठी कथापट असून जानेवारी २०२५ मध्ये तेथील जागतिक कथापट विभागाचे परीक्षक मंडळाचे सर्वोच्च पारितोषिक त्यास मिळाले. सप्टेंबर २०२५ मध्ये तो भारतात प्रदर्शित झाला. समलिंगी माणसाला कुटुंबाबाहेरचा न मानता त्याच्या सुखदुःखाचा वाटेकरी म्हणून दाखविणे, ही कानवडे यांची मराठी चित्रपटातील महत्त्वाची कामगिरी होय.