कोबीतली अळी कुणाच्या भावकीतली?

पूर्वहंगामी उसात कोबीचे आंतरपीक घेणारे एक सभासद गेल्या हिवाळ्यात चाळणीसारखे झालेले पान घेऊन आमच्याकडे आले. "साहेब, खोडकिडा कोबीत उतरला. आता उसाचं काय खरं नाही!" खोडकिड्याचे औषध त्यांनी दोनदा मारूनही झाले होते, आणि अळ्या होत्या तशाच.

आम्ही पानाला बोट लावले. अळी वळवळत मागे सरली आणि धाग्याला लोंबकळू लागली. एवढ्यावर ओळख पटते. हा चौकोनी ठिपक्यांचा पतंग. पंख मिटून बसला की पाठीवर फिकट चौकोनांची रांग दिसते. लिनीयसने १७५८ सालीच त्याला शास्त्रीय नाव दिले.

सभासद बंधूंनो, खोडकिडा, कांडी कीड, शेंडे कीड ही एक भावकी. कोबीवरची ही अळी दुसऱ्याच घरची. ती कोबी, फ्लॉवर, मुळा, मोहरी अशांवरच जगते. उसाच्या वाटेला जात नाही.

तिच्या भावकीला नाव मिळाले ते युरोपातल्या अर्मिन पतंगांवरून. अर्मिन हा मुंगसाहून लहान प्राणी हिवाळ्यात पांढरा होतो, फक्त शेपटीचे टोक काळे राहते. त्याची कातडी तिकडचे राजेलोक झग्याला लावीत. या पतंगांचे पंखही तसेच, पांढऱ्यावर काळे ठिपके. त्यांच्या अळ्या कधीकधी अख्खे झाड जाळ्यात गुंडाळतात. गंमत अशी, की त्यातल्या कित्येक जाती नुसत्या बघून जाणकारालाही वेगळ्या काढता येत नाहीत. अळी कोणत्या झाडावर होती, हे विचारावे लागते.

सगळी भावकी मोठी आहे. २०११ सालच्या वर्गीकरणात १० कुळे आणि सुमारे १,८०० जाती धरल्या आहेत. नराच्या पोटाच्या आठव्या वेढ्याला दोन्ही बाजूंनी पाळ्या असतात, ही त्यांची घरची खूण. कोबीच्या पतंगाला पूर्वी काहीजण अर्मिनच्याच कुळात धरीत. आता त्याची चूल वेगळी मांडली आहे. आपल्या बांधावरच्या महारुखाची पाने जाळ्यात गुंडाळणारी अळीही अशीच, आधी अर्मिनच्या घरात होती, पुढे वेगळी निघाली. तिचा पतंग नारिंगी, त्यावर पांढरे ठिपके. महारुख सोडून ती उसावर येईल ही भीती नको.

कोबीवाल्या अळीचे मात्र हलके घेऊ नका. डीडीटीला ती दाद देत नाही, अशी नोंद जावा बेटावरून १९५३ सालीच झाली. बीटी जिवाणूच्या फवाऱ्याला शेतात पुरून उरलेली पहिली कीडही हीच. उन्हाळी हवेत दोन-तीन आठवड्यांत तिची पिढी पुरी होते, म्हणून तेच ते औषध मारत राहिले की उरतात त्या चिवटच.

बंगळूरच्या फळबाग संशोधन संस्थेची शिफारस साधी आहे. कोबीच्या दर २५ ओळींनंतर मोहरीच्या दोन ओळी घ्याव्यात. एक लावणीआधी १५ दिवस पेरावी, दुसरी लावणीनंतर २५ दिवसांनी. मोहरीच्या वासाला मादी भुलते आणि अंडी तिथेच घालते. कोबीवर ५ टक्के निंबोळी अर्क फवारावा.

पान दाखवायला आणताना प्लॅस्टिकच्या पिशवीत गच्च बांधू नका, अळी घामेजून मरते. कागदात गुंडाळा, आणि कोणत्या झाडावरून काढली ते कागदावर लिहा.