भुताला डोळा मारताना…

समजा, तुमची बदली शनिशिंगणापुरात झालीय. तीही वॉचमन म्हणून, नाइट शिफ्टला! रात्री बारा ते सकाळी सहा. समोर कॅमेऱ्यांचे स्क्रीन आणि त्यात दिसतंय काय, तर पिझ्झाच्या हॉटेलातली यांत्रिक अस्वलं-ससे तुमच्याच दिशेनं निघालेत. पटकन दार लावायचं… पण लावणार काय, कप्पाळ? इथल्या घरांना परंपरेनं दारंच नाहीत! चोराला शनिदेव बघून घेतो, ही गावाची श्रद्धा. २०११ मध्ये युको बँकेनं इथे शाखा काढली, तीसुद्धा ‘बिनकुलपाची बँक’ म्हणून देशभर गाजली.

हा गेम म्हणजे ‘फाइव्ह नाइट्स ॲट फ्रेडीज’. अमेरिकेतल्या स्कॉट कॉथननं तो ऑगस्ट २०१४ मध्ये आणला, जवळपास एकट्याच्या बळावर. त्याच्या आधीच्या गोडगोड गेममधली पात्रं भीतिदायक यंत्रांसारखी दिसतात, अशी टीका झाली होती. पठ्ठ्या म्हणाला असेल, ठीक आहे, मग घाबरवतोच! फंडा साधा. दोन दारं आणि मोजकी वीज. दार बंद ठेवलं की वीज भराभर संपणार, उघडं राहिलं की फ्रेडी आत. सगळी भीती त्या दारात.

मग आले चाहते. ‘फाइव्ह नाइट्स इन ॲनिमे’ या फॅनगेममध्ये कॅमेरे तेच, रात्र तीच. फक्त अस्वल-ससा-कोंबडीच्या जागी जपानी कार्टून स्टाइलच्या तोकड्या कपड्यांतल्या पोरी. भीतीच्या जागी चक्क अंगप्रदर्शन! अशा ‘फक्त मोठ्यांसाठी’ विडंबनांची नंतर रांगच लागली.

शी, काय हे? थांबा. तमाशातली गवळण आठवा. मथुरेच्या बाजाराला निघालेल्या गौळणींची वाट कृष्ण आणि पेंद्या अडवतात, डोक्यावरून पदर घेतलेला पुरुष ‘मावशी’ होऊन दुहेरी अर्थाचे टोले हाणतो आणि तंबूत हशा पिकतो. ज्याच्यापुढे हात जोडायचे, त्याचीच चावट फिरकी घेणं आपल्याला मुळीच नवीन नाही. अप्रेझलच्या आदल्या दिवशी कँटीनमध्ये बॉसची नक्कल करता ना? तसंच. हसलं की भीती उतरते.

लोचा वेगळाच आहे. तमाशाच्या तंबूत कोण शिरतंय, हे दिसायचं तरी. फ्रेडी मात्र पोराटोरांचा लाडका. त्याची खेळणी आहेत, पुस्तकं आहेत, २०२३ मध्ये सिनेमाही आला. तुमचा आठ वर्षांचा भाचा तुमच्याच फोनवर त्याचं नाव टाइप करतो आणि दोन क्लिकवर तोकड्या कपड्यांतला फ्रेडी हजर! शिंगणापूर दाराविना चालतं, कारण सगळ्यांना एकाचाच धाक आहे. (तरी तिथेही २०१५ मध्ये पोलीस ठाणं आलंच म्हणा.) इंटरनेटला कुठला शनिदेव? तेव्हा फोन देण्याआधी सेफसर्च ऑन करा, बॉस.

आणि असले स्क्रीनशॉट ऑफिसच्या ग्रुपवर टाकायची खुमखुमी आवरा. आयटी कायद्याच्या कलम ६७-अ प्रमाणे उघड लैंगिक मजकूर पाठवणंही गुन्हा आहे. पहिल्याच वेळी पाच वर्षांपर्यंत कैद आणि दहा लाखांपर्यंत दंड.

कॉथनचा मात्र चाहत्यांवर राग नाही. २०२० मध्ये त्यानं काही निवडक फॅनगेमना अधिकृत मान्यता आणि पैशाचं पाठबळ देऊ केलं. त्यात चावट गेम नव्हते. ‘वन नाइट ॲट फ्लम्प्टीज’ हे विडंबन मात्र होतं. त्यात रात्रभर तुमच्या मागे लागतं ते एक अंडं!