बंगळुरूचे मराठी: दोन स्थलांतरं

जुनी वस्ती: 1638 मध्ये रणदुल्लाखानाच्या विजापुरी फौजेनं बंगळूर घेतलं. ते शहाजीराजांना जहागिरीत मिळालं. जयराम पिंड्ये यांच्या ‘राधामाधवविलासचंपू’त शहाजीराजांच्या बहुभाषी दरबाराचं वर्णन आहे. मल्लेश्वरमचं काडू मल्लेश्वर मंदिर त्यांचे पुत्र व्यंकोजीराजांच्या काळातलं मानतात. 1687 मध्ये मोगलांनी शहर जिंकलं आणि पुढे तीन लाख रुपयांना म्हैसूरच्या चिक्कदेवराज वडेयरांना दिलं. शहाजीराजांची समाधी मात्र होदिगेरे इथे, दावणगेरे जिल्ह्यात.

घर आणि बाहेर: त्या काळापासूनच्या जुन्या घराण्यांत गायकवाड, जाधव, शिंदे ही आडनावं टिकली. शाळा, बाजार, कचेरी कन्नडमध्ये; घरातल्या मराठीत कन्नड शब्द सर्रास. अनेकांना मराठी बोलता येते, पण देवनागरीपेक्षा कन्नड लिपी सोपी वाटते. रजनीकांत, म्हणजे शिवाजीराव गायकवाड, बंगळुरूतल्या मराठी घरात 12 डिसेंबर 1950 रोजी जन्मले. सिनेमाआधी इथेच बस कंडक्टर होते.

नवी वस्ती: 1990 नंतर आयटीमुळे आलेली. व्हाइटफील्ड, इलेक्ट्रॉनिक सिटी. मुलं शाळेत कन्नड शिकतात, सुट्टीत आजोळी मराठी.

गल्लत नको: 2011 च्या जनगणनेत कर्नाटकात मराठी मातृभाषा सांगणारे सुमारे 20 लाख. त्यांतले बहुसंख्य बेळगावसह उत्तरेकडच्या जिल्ह्यांतले. ते बंगळुरूच्या मराठींसारखे कुठून आले नाहीत. 1956 च्या राज्य पुनर्रचनेत सीमारेषा त्यांच्या गावांपलीकडे गेली.