जात्याशेजारची वही

गेल्या वर्षीं आमचा एक जुना विद्यार्थी सहकुटुंब घरीं आला होता. बोलतां बोलतां त्यानें विचारलें, “गुरुजी, तुम्हीं आमच्याकडून इतक्या कविता पाठ करून घेतल्यात; तुम्हांला स्वतःला त्या कधीं उपयोगीं पडल्या का?” प्रश्नांत उपरोध नव्हता. आम्हीं मम्मटाचीं काव्यप्रयोजनें सांगितलीं: यश, अर्थ, व्यवहारज्ञान, अशुभाचा नाश, तत्काळ आनंद व कांतेसारखा गोड उपदेश. त्यानें मान डोलविली, चहा घेतला व तो गेला. सहा प्रयोजनें सांगूनहि उत्तर दिल्याचें समाधान आम्हांस लाभलें नाहीं. तें राहिलेलें उत्तर शोधतांना आम्हांला पुस्तकांच्या कपाटाकडे न जातां ओसरीवरील जात्याकडे जावें लागलें.

आमचें शिक्षण मॅट्रिकपुढें गेलें नाहीं. संस्कृत मात्र प्रथम वडिलांजवळ व पुढें एका शास्त्रीबोवांजवळ शिकलों. त्यांनीं भवभूतीचें ‘उत्तररामचरित’ आमच्याकडून वाचून घेतलें. पद्मपूरचा हा कवि विदर्भाचा, म्हणून आम्हां वऱ्हाडवासीयांस त्याचा अभिमान अंमळ जास्तच. त्याच्या तिसऱ्या अंकांत राम बारा वर्षांनीं पंचवटींत परत येतो. तेथें त्याला रडविणारीं कारणें पाहावीं, तर तीं अगदीं साधीं आहेत. सीतेनें हातानें पाला भरविलेला हत्तीचा छावा आतां मोठा झालेला. तिनें टाळ्या वाजवून नाचविलेला मोर अजून तेथेंच. सिंहासन, अग्निदिव्य, रावणवध, यांतलें कांहीं रामाच्या जिव्हारीं लागत नाहीं. पाला भरविणारा हात लागतो. हें सर्व आम्हीं विसाव्या वर्षीं वाचलें, त्यांतील रस व अलंकार ओळखले आणि त्याच ओसरीवर, आमच्या पाठीमागें, त्याच जातीचें काव्य चाललें होतें तें आम्हांस ऐकूं आलें नाहीं.

आमची आत्या वर्धा नदीपलीकडे वरोऱ्याला दिली होती. दोन वर्षांतच यजमान तापानें गेले व ती माहेरीं परत आली, ती कायमची. आमच्या घराण्याचा छापील कुलवृत्तांत आहे. त्यांत आजोबांच्या वकिलीस अर्धें पान आहे, वडिलांच्या सत्कारासहि कांहीं ओळी आहेत. आत्याविषयीं ‘एक कन्या, वरोरें येथें दिली’ एवढेंच. तिचें नांवहि नाहीं. परंतु पहांटे चार वाजतां जात्याचा खुंटा हातीं आला कीं तिचा स्वतःचा कुलवृत्तांत सुरू होई. उजव्या हातानें ओढायचें, डाव्यानें मूठमूठ ज्वारी वैरायची आणि पाळीच्या फेऱ्याबरोबर ओवीचा चरण संपवायचा. देवाची ओवी आधीं होई. मग आई, मग मुऱ्हाळी म्हणून न्यायला आलेला भाऊ, त्याच्या छकड्याचे बैल, सासरच्या विहिरीचें खारें पाणी. यजमानांचें नांव तिच्या तोंडून आम्हीं कधीं ऐकलें नाहीं. मात्र वर्धेच्या नावाड्याची एक ओवी होती. ती लागली कीं आमची आई दुसऱ्या बाजूनें जातें ओढीत असतां मान खालीं घाली, एवढें आम्हांस आठवतें.

१९७३ सालीं यवतमाळला मराठी साहित्य संमेलन भरलें. अध्यक्ष होते ग. दि. माडगूळकर. त्यांचें ‘गीतरामायण’ १९५५-५६ मध्यें पुणें आकाशवाणीवरून वर्षभर घरोघरीं पोंचलेलें. त्यामुळें वडील मोठ्या उत्साहानें संमेलनास जाऊन आले. आत्यानें विचारलें, “इतके कवि जमून करतात काय?” वडील म्हणाले, “कविता म्हणतात.” त्यावर तिनें फार सरळपणें विचारलें, “आणि म्हणतां म्हणतां काम कोणतें करतात?” घरांत हंशा पिकला. आम्हीहि हंसलों. त्या प्रश्नांत हंसण्यासारखें कांहीं नव्हतें, हें कळायला आमचे केस पांढरे व्हावे लागले.

योगायोग पाहा, त्याच १९७३ चा साहित्य अकादमीचा संस्कृत पुरस्कार आमच्या वणीच्या सुपुत्रास, लोकनायक बापूजी अणे यांस, मरणोत्तर मिळाला. बापूजी १९६८ मध्यें निवर्तले होते. ‘तिलकयशोऽर्णव’ हें त्यांचें हजारों श्लोकांचें काव्य. १९३० मध्यें पुसदला जंगल सत्याग्रह करणारा हा पुरुष तरुणपणीं कांहीं वर्षें अमरावतीस शिक्षक होता, हें आम्ही मास्तर मंडळी मुद्दाम लक्षांत ठेवतों. लोकमान्य १ ऑगस्ट १९२० रोजीं गेले. त्यानंतर कित्येक वर्षांनीं उतारवयांत शिष्यानें हा स्मृतीचा सागर भरला. आम्हांस त्या ग्रंथाविषयीं पूज्यभाव आहे. पण लोकमान्यांची आठवण त्या ग्रंथावांचूनहि राहिलीच असती. वरोऱ्याच्या त्या तापानें गेलेल्या तरुणाला मात्र राहण्यास साडेतीन चरणांवांचून दुसरी जागा नव्हती.

बापूजींचा जन्म १८८० चा. त्याच सालीं खानदेशांत असोद्यास बहिणाबाई चौधरींचा जन्म झाला. अक्षरओळख नाहीं, ऐन तारुण्यांत वैधव्य, शेत आणि चूल यांतच आयुष्य गेलेलें. त्यांचीं गाणीं त्यांचे चिरंजीव सोपानदेव व मावसभाऊ पितांबर यांनीं लिहून घेतलीं. बहिणाबाई १९५१ मध्यें वारल्या आणि १९५२ मध्यें आचार्य अत्र्यांच्या प्रयत्नानें तीं पुस्तकरूपानें आलीं. महाराष्ट्र चकित झाला. अलीकडे हेमा राईरकर व गी पॉइतवाँ यांनीं खेडोपाडीं फिरून एक लाखाहून अधिक ओव्या जमविल्या. ज्या घरीं लिहिणारा निघाला तेथें ओवी वांचली, इतकाच काय तो हिशेब.

आमच्या घरींहि लिहिणारा होता. सुभाषितांच्या चार वह्या आम्हीं सुवाच्य अक्षरांत भरल्या होत्या. १९६९ च्या सुमारास गल्लींत पिठाची गिरणी आली, जातें थांबलें व त्यावर सरपण रचलें गेलें. पुढें आम्ही नोकरीस लागल्यावर एके दिवशीं आत्या म्हणाली, “अरे, लोकांचें लिहितोस, माझ्या चार ओव्या घे ना लिहून.” आम्हीं वही उघडून बसलों. ती घटकाभर डोळे मिटून राहिली व म्हणाली, “रिकाम्या हाताला येत नाहींत रे. जातें मांडून दे.” सरपण उपसायचें होतें, खुंटा तुटलेला होता. आम्हीं म्हटलें, येत्या रविवारीं. तो रविवार तपासायच्या पेपरांत गेला, पुढचाहि कशांत तरी गेला. १९८१ च्या पावसाळ्यांत ती गेली. तेराव्या दिवसापर्यंतचे मंत्र आम्हांस अर्थासह येत होते. तिचें असें एकहि वाक्य आमच्यापाशीं नव्हतें.

जानेवारी २०१९ मध्यें यवतमाळला पुन्हां संमेलन झालें. अध्यक्षा अरुणा ढेरे, लोकसाहित्याच्या जाणत्या. उद्घाटन मात्र आत्महत्येनें पति गमावलेल्या एका शेतकरी भगिनीच्या हस्तें झालें. आम्ही मंडपांत मागें बसलों होतों. त्या बाईंना व्यासपीठाकडे जातांना पाहिलें आणि आत्याचा सेहेचाळीस वर्षांपूर्वींचा प्रश्न आमच्या कानांत वाजला. या खेपेस आम्हांस हंसूं आलें नाहीं.

आतां थोडें शुभकार्याविषयीं. गेल्या माघांत नातीचें लग्न झालें. घाणा भरण्यासाठीं जातें धुऊन हळदकुंकू लावलें, पांच सुवासिनींनीं हात लावला, पण ओवी कोणासच येईना. एका मुलीनें मोबाईलवर कसलेंसें गाणें लावलें. तोंच आमच्या थोरल्या वहिनी, वय ऐंशीच्या पुढें, एकदम म्हणूं लागल्या. नावाड्याचीच ओवी! (जिला हयातींत अशा मुहूर्तांवर माजघरांतून बाहेर येऊं दिलें नाहीं, तिची ओवी मांडवांत आली.) पहिल्या दोन चरणांत आत्या नावाड्याला विचारते कीं, जातांना दोघांची उतराई घेतलीस, येतांना एकटीलाच कसें आणलेंस? नावाड्याचें उत्तर तिसऱ्या चरणांत होतें. वहिनींस तें आठवेना.

ते दोन चरण आम्हीं वहींत उतरून घेतले असून खालीं जागा मोकळी ठेवली आहे. लग्नानंतर सुनबाईंनीं जात्यावर शोभेची कुंडी ठेवली होती, ती हलविली. सुताराकडून नवा खुंटा बसवून घेतला. दर रविवारीं सकाळीं वहिनी मूठभर ज्वारी घेऊन जात्याशीं बसतात व आम्ही वही घेऊन शेजारीं बसतों.